केळशीचा मुलगा

दीड दिवसाचा गणपती पोचवून आल्यावर त्या रात्री गोव्यातल्या फोंड्याच्या आमच्या घरात सगळ्यांनी मिळून ‘माय बिग फॅट ग्रीक वेडिंग’ पाहिला. पुतणीनं तो मुद्दाम लावला होता. तिला गोव्यातल्याच केळशीच्या एका ख्रिश्चन मुलाशी लग्न करायचंय, आणि ते घरात सांगून तिला महिना झाला होता. सिनेमा संपल्यावर मी इकडून, टोरांटोहून, व्हिडिओवर आले, तर दादा ताडकन म्हणाला, “बघ, त्या सिनेमातसुद्धा एकाला बाटावंच लागलं. आणि हे असं हसण्यावारी नेणं तुमच्या तिकडे चालतं, इथे नाही.”

‘तुमच्या तिकडे’ हे शब्द तेव्हापासून मला टोचताहेत.

सिनेमा २००२चा. शिकागोतल्या ग्रीक कुटुंबातली तिशीची टूला आणि ग्रीक नसलेला शिक्षक इयन, एवढीच गोष्ट. कथा शिकागोची असली तरी चित्रीकरण बरंचसं टोरांटोत झालं, आणि लिहिणारी, टूलाचं काम करणारी निया वार्डालोस विनिपेगची. सुमारे पन्नास लाख डॉलरमध्ये केलेला हा छोटा सिनेमा जगभर छत्तीस कोटींच्या वर गेला. श्रीमंतांची करमणूक म्हणून तो चालला नाही. टूलाचा बाप जगातल्या प्रत्येक शब्दाचं मूळ ग्रीकमध्ये काढतो, मुलीनं ग्रीक मुलाशीच लग्न करावं म्हणून जीव टाकतो. असा एक माणूस ज्याच्या घरात नाही असं घर मला तरी माहीत नाही. टोरांटोत आम्ही पहिली सहा वर्षं पेप स्टेशनजवळ बेसमेंटमध्ये काढली. वर घरमालकीण ग्रीक. जिन्यात भेटली की माझ्या मुलाच्या हातात काहीतरी खायला ठेवल्याशिवाय तिला चैन पडत नसे, आणि माझ्या आईची आठवण येऊन मी घरात जाऊन रडत असे.

तर, बाटण्याचं. इयन ग्रीक ऑर्थोडॉक्स होतो हे खरं. अंगाला तेल लावून त्याला पाण्यात बुडवतात. पण दादाला जे दिसलं नाही ते हे, की तिथे पुरुष वाकतो. आमच्याकडे बाईचं आयुष्य एका दुपारी बदलतं आणि त्याला कोणी बाटणं म्हणत नाही. माझं लग्न झालं तेव्हा तांदळाच्या ताटात अंगठीनं माझं नवं नाव लिहिलं. आडनाव बदललं, कुळदैवत बदललं. वीस वर्षं जी शांतादुर्गा माझी होती तिच्या देवळात मी माहेरवाशीण झाले. दादा मांडवात उभा होता आणि त्याच्या डोळ्यांत पाणी होतं, पण त्याला त्यात काही वावगं वाटलं नाही. मलाही वाटलं नाही तेव्हा.

आणि बाटायची सक्ती गोव्यात आहेच कुठे? टोरांटोतल्या माझ्या मैत्रिणींना मी सांगते की आमच्याकडे १८६७च्या पोर्तुगीज नागरी कायद्यापासून आलेली पद्धत आहे, तर त्यांना पटत नाही. हिंदू असो, ख्रिश्चन असो, दोघांनी सिव्हिल रजिस्ट्रारकडे जायचं, पहिली सही करायची, मग थोड्या दिवसांनी दुसरी. वेगळा करार केला नसेल तर मालमत्तेत दोघांचा अर्धा-अर्धा वाटा. देव ज्याचा त्याच्याकडे. एवढी सोय दारात असताना आपण भांडतो कशावर?

दादाचा दुसरा मुद्दा परक्या घराचा. केळशी परकी? आमचं माहेरचं कुळदैवत कवळ्याची शांतादुर्गा, पण कवळ्याला ती आली कुठून? सोळाव्या शतकात पोर्तुगीज साष्टीतली देवळं पाडू लागले तेव्हा भक्तांनी तिला केळशीहून झुआरी नदीपलीकडे अंत्रुजात, म्हणजे फोंड्याकडे आणलं. काही लोक देवीबरोबर निघाले, काही तिथेच राहिले आणि ख्रिश्चन झाले. म्हणजे हा मुलगा आमच्या देवीच्या गावचा. त्याच्या आईच्या हातच्या पातोळ्या पुतणीनं पंधरा ऑगस्टच्या फेस्ताला खाल्ल्या, आमच्या घरी त्या चवथीला होतात. हळदीचं पान तेच, गूळ-खोबरं तेच. म्हापशाच्या चर्चमधल्या मिलाग्रीस सायबिणीला शिरगावच्या लईराई देवीची बहीण मानणारे आपण, आणि माणसांनी नातं जोडलं की दचकायचं? सिनेमात टूलाच्या आईला इयनच्या आईनं आणलेला भोक असलेला केक काय आहे तेच कळत नाही, ती त्यात फुलांची कुंडी ठेवते. आमच्यात एवढंही अंतर नाही.

हे सगळं मी दादाला सुनावलं. तो ऐकून घेऊन म्हणाला, “उद्या तिची मुलं आरती कुठल्या भाषेत म्हणतील?”

तेव्हा मी गप्प बसले. सिनेमाच्या शेवटी टूलाची मुलगी ग्रीक शाळेत जाते. माझी नात जात नाही. घरात कोकणी, वाचायला आणि भजनाला मराठी, अशी मी वाढले, आणि नातीला त्यातली एकही येत नाही. ‘सुखकर्ता’ तिला फोनवर लावून दाखवावी लागते. गणपतीच्या वर टांगायची माटोळी तिनं फक्त फोटोत पाहिलीय. माटोळी इथे झालीच नाही, कारण ती बांधायला लागतात ती फळं, ती रानातली पानं इथल्या डॅनफोर्थ रस्त्यावर मिळत नाहीत असं मी सांगते. खरं म्हणजे ती मिळवायचा प्रयत्नच मी कधी केला नाही. दादा मात्र दरवर्षी माटोळीचं सामान स्वतः जाऊन आणतो. माझ्या वाटणीच्या खोलीची किल्लीही त्याच्याकडेच असते, आणि मी यायच्या आधी तो ती झाडून घेतो.

आणखी एक आहे. माझा मुलगा आणि त्याची फिलिपिनो बायको, दोघांचं लग्न इथे टोरांटोतल्या स्कारबरोच्या चर्चमध्ये झालं. मी पहिल्या बाकावर, काठापदराच्या साडीत बसले होते आणि मनापासून खूश होते. पण फोंड्याला मी कळवलं, साधं रजिस्टर लग्न झालं. फोटो पाठवले ते बाहेरच्या बागेतले, चर्च दिसणार नाही असे निवडून. सात वर्षं झाली. दादाला ते अजून माहीत नाही. वर्षानुवर्षं मी त्याला कर्मठ म्हणत आले, ते ही गोष्ट लपवून.

पुतणीची पहिली सही दिवाळीनंतर आहे. मला यायचंय, तिकीट पाहून ठेवलंय. रविवारी दादाला फोन करीन. आधी स्कारबरोचं सांगेन, मग केळशीचं बोलेन.