राहुकाळातला फ्रीज

चेन्नईत मैलापूरचं घर डिसेंबरच्या पहिल्याच आठवड्यात पक्कं झालं. खिडकीतून कपालीश्वराचं गोपुर दिसायचं. 16 तारखेला सामान आणतो म्हटल्यावर घरमालकीणबाईंनी (इथेही त्यांना मामीच म्हणतात, तेवढंच एक सोपं) कपाळाला हात लावला. "अय्यो, मार्गळी!" मार्गळी हा तमिळ महिना. त्यात पहाटे उठून तिरुप्पावै ही स्तोत्रं म्हणायची, दारात हातभर कोलम, म्हणजे रांगोळी, काढायचं. घर मात्र बदलायचं नाही.

पुण्याला आईला फोन लावला. "मार्गशीर्षासारखा महिना नाही! जा खुशाल." मार्गळी सूर्यावर चालतो, आपला मार्गशीर्ष चंद्रावर, आणि मी लॉजच्या दिवसभाड्यावर.

"तै पिरन्दाल वळि पिरक्कुम," मामींनी धीर दिला. तै महिना जन्मला की वाट जन्मते. 14 जानेवारीला पोंगल उतू गेला, वाट जन्मली, आणि तेवढ्यात आईचा फोन. "आत्ता नको रे, पौष आहे."

शेवटी तैही चालू आणि माघही लागलेला, असा जानेवारीचा शेवटचा शुक्रवार सापडला. सकाळी आठलाच मामींनी बोलावून अ‍ॅडव्हान्स, म्हणजे अनामत, घेतला. केवढी ही तत्परता, असं मला वाटलं. सांतोमच्या लॉजवरून टेंपो निघाला आणि दारात पोचला 10:35 ला.

मामी उंबऱ्यात उभ्या. हातात शिवकाशीत छापलेल्या कॅलेंडरचं त्या दिवसाचं पान. "राहुकालम्. बारानंतर." मी टेंपोवाल्याकडे आशेने पाहिलं. त्याने हुज्जत घातली नाही. इंजिन बंद केलं आणि माझ्याच गादीवर आडवा झाला. थांबण्याचे पैसे त्याने नंतर चोख लावले. फ्रीज तेवढा आधीच उतरवला होता, तो फुटपाथवर. दीड तासात दोघांनी त्याची किंमत विचारली. दुसऱ्याला मी जवळजवळ देऊनच टाकत होतो.

बारा वाजले. आता तीनच्या आत सगळं आत हवं, कारण तीनला यमगंडम्, म्हणजे आणखी एक अशुभ वेळ. त्यात शुक्रवारी शूलम् पश्चिमेला, म्हणजे त्या दिशेला जायचं नाही, आणि मी आलो पूर्वेकडून! त्यावर परिहार म्हणून मामींनी गुळाचा खडा माझ्या तोंडात कोंबला. मग दूध उतू घालवलं. पुसलं मी.

संध्याकाळी ते पान नीट पाहिलं. प्रत्येक राशीला भविष्य एकेक शब्दाचं. माझ्या राशीपुढे "सेलवु". म्हणजे खर्च. वर बारीक अक्षरात कुळिगै 7:30 ते 9.

"मामी, हे काय असतं?"

"त्या वेळेत केलेलं पुन्हा पुन्हा होतं. म्हणून सोनं घ्यावं, पैसे घ्यावेत..." बोलता बोलता मामी थबकल्या.

"मग मी घर सोडताना अ‍ॅडव्हान्ससुद्धा कुळिगैतच परत द्याल ना?"

मामी कॉफी आणायला आत गेल्या.