नाकादाईंची निष्ठा आणि मामांचा राग

जपानी नट तात्सुया नाकादाई ८ नोव्हेंबर २०२५ ला वारले, ९२ वर्षांचे होऊन. बातमी मी कोल्हापूरच्या घरच्या ग्रुपवर टाकली, तर मामांचं उत्तर हजर: ‘याला म्हणतात निष्ठा. नाहीतर आमचे नट. दहा प्रयोग लागले नाहीत तोवर मालिकेत पळतात.’ त्यावर सगळ्यांचे अंगठे. आपल्याकडे हा सूर जुनाच आहे. नट मालिकेत गेला की बेइमान ठरतो, आणि परदेशातला एखादा म्हातारा शेवटपर्यंत रंगमंचावर दिसला की त्याचं उदाहरण आपल्या पोरांच्या तोंडावर मारलं जातं.

टोकियोत बसून मला हे अर्धंच पटतं. निष्ठा होतीच, पण तिला पुरेल असा व्यवहारही या माणसाने जमवला होता.

१९५० च्या दशकात जपानच्या बड्या स्टुडिओंनी आपसात करार केला होता, की एकाचा नट दुसऱ्याने घ्यायचा नाही. नाकादाईंनी कुणाशीच कायमचा करार केला नाही. ते हाइयुझा या नाटकमंडळीतच राहिले आणि वर्षाची वाटणी केली, काही महिने सिनेमाला, काही नाटकाला. म्हणून एकाच काळात ते कोबायाशी, कुरोसावा, नारुसे, इचिकावा अशा सगळ्या दिग्दर्शकांकडे दिसतात. कोबायाशींच्या साडेनऊ तासांच्या युद्धत्रयीत ते मांचुरियातल्या खाणीवरचे सज्जन साहेब, कुरोसावांच्या ‘योजिम्बो’त मफलर गुंडाळलेला पिस्तूलवाला गुंड, आणि १९६२ च्या ‘हाराकिरी’त नातू गमावलेला रोनिन, म्हणजे धनी नसलेला सामुराई. तेव्हा त्यांचं वय होतं फक्त २९! तो घोगरा, खालून येणारा आवाज ऐकताना हे खरंच वाटत नाही.

कुरोसावांशी पहिली गाठ मात्र अपमानाचीच. ‘सेव्हन सामुराई’त गावच्या रस्त्यावरून काही सेकंद चालत जाणारा एक सामुराई, एवढंच काम. किमोनो आणि तलवारीची सवय नव्हती, चाल जमेना, आणि कुरोसावांनी सकाळपासून दुपारपर्यंत तेवढंच चालायला लावलं. याच्याकडे पुन्हा काम करायचं नाही, असं त्या पोराने मनात ठरवलं. ‘योजिम्बो’साठी बोलावणं आलं तेव्हा आधी नकारच दिला होता. पुढे याच दिग्दर्शकाच्या १९८५ सालच्या ‘रान’ या सिनेमात फुजी पर्वताच्या उतारावर बांधलेला किल्ला खरोखर पेटवला गेला, आणि नाकादाईंनी केलेला वेडा राजा जळत्या दारातून पायऱ्या उतरत बाहेर येतो तो प्रसंग एकदाच टिपता येणार होता. पाय घसरला असता तर दुसरा किल्ला नव्हता. पुन्हा सगळा मामला चालण्याचाच!

‘रान’ म्हणजे ‘किंग लिअर’चं जपानी रूप. मामांचा लिअर म्हणजे ‘नटसम्राट’मधला डॉ. लागूंचा बेलवलकर. पण लागूंनी हिंदी सिनेमे किती केले, हे मामा सोयीने विसरतात. तो पैसा आणि ते नाव मराठी रंगभूमीला उपयोगीच पडलं असणार.

नाकादाईंनी तर उघडच तसं केलं. १९७५ मध्ये पत्नी यासुको मियाझाकींबरोबर ‘मुमेइजुकू’ हे नाट्यविद्यालय काढलं. फी नाही. सिनेमातली कमाई तिकडे. कोजी याकुशो याच शाळेतले. नगरपालिकेतली नोकरी सोडून आलेले, आणि २०२३ ला कान महोत्सवात सर्वोत्तम अभिनेता ठरलेले. शाळेची सराव-शिबिरं १९८५ पासून नोतो द्वीपकल्पातल्या नाकाजिमा या खेड्यात व्हायला लागली, आणि त्या छोट्या गावाने १९९५ मध्ये चक्क नाट्यगृह बांधलं. मी तिथे जाऊन आले. रंगमंचाची मागची भिंत अख्खी उघडते आणि मागे खरं रान, खरा उतार. ‘मॅकबेथ’च्या वेळी त्या उतारावरून घोडेस्वार आले होते म्हणे. १ जानेवारी २०२४ च्या भूकंपाने ते बंद पडलं, आणि २०२५ मध्ये ब्रेख्तच्या ‘मदर करेज’ने पुन्हा उघडलं. मुख्य भूमिकेत ९२ वर्षांचे नाकादाई, बाईच्या वेशात.

जपान म्हणजे नटांचा स्वर्ग, असं कुणी समजू नये. इथल्या छोट्या नाटकमंडळ्यांतले कितीतरी नट दिवसा हॉटेलात ताटल्या धुतात. शिवाय प्रत्येकाने अमुक तिकिटं खपवायची असा दंडक असतो, उरली तर भरणा खिशातून. नाकादाई जिथे घडले त्या हाइयुझाचं टोकियोच्या रोप्पोंगी भागातलं थिएटरही २०२५ च्या एप्रिलमध्ये बंद झालं. तेव्हा इथलं सगळं चांगलं, आपलं सगळं वाईट, हे मला म्हणायचंच नाही. पण इथे नटाने दुसरीकडे कमावलं म्हणून त्याला कुणी बेइमान म्हणताना मी ऐकलेलं नाही.

आपल्याकडे ८ ऑगस्ट २०२४ ला कोल्हापूरचं केशवराव भोसले नाट्यगृह जळालं. शाहू महाराजांनी १९१५ मध्ये उभं केलेलं. त्या रात्री आमच्या ग्रुपवर सगळे रडले, मीसुद्धा. पुनर्बांधणीबद्दल घरचे बोलतात ते खुर्च्या, एसी आणि दर्शनी भागाच्या दगडाबद्दल. तिथे हौशी मंडळींना तालमीसाठी सकाळची रिकामी वेळ मिळणार का, भाडं किती लावणार, आणि मालिकेच्या शूटिंगमधून सुटून रात्री नऊला येणाऱ्या पोराला प्रयोगाची तारीख सोयीची देणार का, हे विचारायला हवं. मामा नाट्यपरिषदेच्या शाखेत आहेत, त्यांना विचारता येईल.