पोरांनी बसायचं कुठं भो?

चोपड्याच्या आमच्या ग्रुपवर एक व्हिडिओ फिरतोय, कॅफेवर धाड, पडद्यामागून जोड्या बाहेर काढल्या, आईबापांना फोन लावले आणि खाली काका लोकांच्या टाळ्या. कॉलेजची पोरं आहेत, पण मतदान करणारी. वर ठरलेली कॉमेंट, 'ही परदेशातली थेरं, आपल्याकडे चालणार नाही'.

मी मिलानला राहतो. इथं सगळे अठराव्या वर्षी वेगळे राहतात असं गावाकडे वाटतं, तसं काही नाही. इटलीत पोरं घर सोडतात ती सरासरी तिशीला, भाडं परवडत नाही आणि आईच्या हातचं सुटत नाही (2007 मध्ये त्यांच्या अर्थमंत्र्यानेच अशा पोरांना लाडोबा म्हणून हिणवलं होतं). भाऊ-भाऊ एका खोलीत, पलीकडे आजीचा टीव्ही. मग ती कालव्याच्या काठावर नाहीतर बागेत जाऊन तास न् तास बसतात, पोलीस शेजारून निघून जातो. शेजारीण बघते, आईला सांगतेही, पण विषय तिथंच संपतो.

आपल्याकडे घरात तर विचारूच नका. ओट्यावर आजोबा, आत पाहुणे, मे महिन्यात पारा पंचेचाळीसच्या वर गेला की अख्खं खटलं गच्चीवर ओळीनं झोपणार, फोनवर बोलायचं तर चादरीत तोंड खुपसून. घरच्यांनी ठरवलेल्या लग्नातही तेच. मी मुलगी बघायला गेलो तर 'दोघं बोलून घ्या' म्हणून वर पाठवलं आणि जिन्यात वहिनी उभ्या! साखरपुडा झाल्यावर जळगावला मेहरूण तलावावर भेटलो तेव्हाही ती स्कार्फ सोडेना, निमित्त उन्हाचं, भीती मामांची.

सुप्रीम कोर्टाच्या नऊ न्यायाधीशांनी 2017 मध्ये प्रायव्हसी मूलभूत हक्क आहे असं सांगितलं, पण तलावावरच्या बाकापर्यंत ते अजून आलेलं नाही. अंधाऱ्या कॅबिन मलाही पटत नाहीत, तिथं चोरून शूटिंग, मग ब्लॅकमेल, हे सगळं होऊ शकतं. पण उघड्यावर बसलं की कोणीही येऊन नाव-गाव विचारतो, म्हणून तर ती पडद्यामागे जातात ना. आणि खरी पोटदुखी आडनावांची आहे. एकाच समाजाची निघाली तर मोठी माणसं बसून तारीख काढतील, वेगळी निघाली की पोरीचा मोबाईल काढून घेतला, कॉलेज बंद, आत्याकडे रवानगी आणि स्थळं बघायला सुरुवात. पोरगा दोन शिव्या खाऊन संध्याकाळी क्रिकेटला.