हे आमिष आहे का?

हा प्रश्न मला मागच्या शनिवारी एका म्हाताऱ्याने विचारला. मिनेसोटात, गोठलेल्या तळ्यावर, माझ्या गळाला लागलेल्या माशाकडे बोट दाखवून. आज गुरुवार आहे आणि मी अजून रात्री कूस बदलली की मनातल्या मनात त्याला उत्तरं देतोय. एकाहून एक सरस उत्तरं सुचतात, तीही इंग्रजीत.

आम्ही इथे लेकीच्या बाळंतपणासाठी आलोय. म्हणजे बायको बाळंतपणासाठी आलीय आणि मी डिंक, आळीव, बाळंतशोपा यांच्या पिशव्यांबरोबर आलोय. पिशव्या कामी आल्या. मला खिडकीजवळची एक खुर्ची मिळाली आणि काही सूचना मिळाल्या: टीव्ही हळू, फोनवर बोलायचं तर तळघरात, शिंक आली तर तीही तळघरात. तीन आठवडे मी बाहेरचा बर्फ बघत होतो. मग जावई म्हणाले, "बाबा, तुम्ही कंटाळलात. तुम्हाला मासे आवडतात ना? तुमच्यासाठी एक एक्सपीरियन्स बुक केलाय."

मला मासे आवडतात. ताटात. पण जावई पडले नागपूरचे, त्यांच्या लेखी मासा म्हणजे काटे काढलेली पांढरी वडी. आणि खरं सांगायचं तर माझाही अहंकार जागा झाला. माझं लहानपण कोकणात, कालावलच्या खाडीवर गेलेलं. काठीला तंगूस म्हणजे नायलॉनचा दोरा गुंडाळून, सुंगटाचा म्हणजे कोळंबीचा तुकडा गळाला लावून आम्ही तासन्‌तास गरवत बसायचो. काळुंदर काढलीय, तांबोशी काढलीय, शेंगटीचा काटा तळहातात घुसवून घेऊन गावभर बोंबललोय. पुढे ३४ वर्षं पाटबंधारे खात्यात काढली. पाणी आणि मासा या दोन विषयांत मला अमेरिकेने शिकवावं असं काही नाही, अशी माझी समजूत होती.

"आज झिरो आहे," जावई सकाळी फोन बघत म्हणाले. शून्य म्हणजे ठीकच की, महाबळेश्वरच्या वेण्णा लेकवर दवबिंदू गोठतात तेवढंच, असं म्हणून मी आपली माकडटोपी घातली. तळ्यावर उतरल्यावर कळलं, हे शून्य फॅरनहाइटचं. आपल्या हिशेबात उणे १८. नाकातले केस ताठ उभे राहतात हे मला वयाच्या ६७व्या वर्षी समजलं.

तळ्याचं नाव मिल लॅक्स. मिनिआपोलिसपासून उत्तरेला दीडेकशे किलोमीटर. फ्रेंचमध्ये या नावाचा अर्थ 'हजार तळी', पण हे एकच आहे आणि तेवढंच पुरे आहे: सुमारे ५३० चौरस किलोमीटर, म्हणजे बृहन्मुंबईपेक्षा थोडंसंच लहान. खोली मात्र जास्तीत जास्त ४२ फूट. काठावर गॅरिसन नावाचं गाव आहे. आपल्याकडे वेशीवर मारुती असतो, तिथे वॉलाय नावाच्या माशाचा भला थोरला पुतळा आहे. वॉलाय हा मिनेसोटाचा राज्यमासा. मी गाडीतूनच हात जोडले, सवयीने.

गाइड तिशीचा, दाढीत बर्फाचे मणी. त्याने आम्हाला त्याच्या ट्रकमध्ये बसवलं आणि ट्रक सरळ तळ्यावर घातला. मी पट्टा लावायला गेलो तर म्हणाला, "पट्टा लावू नका. आणि काच खाली ठेवा."

"का?"

"बाहेर पडायला सोपं जातं."

कुठून बाहेर, ते त्याने सांगितलं नाही. मी शेजारी बघितलं तर जावई व्हिडिओ काढत होते. बर्फ किती जाड आहे, मी विचारलं. अठरा इंच. माणसाला चालायला चार पुरतात म्हणे, ट्रकला तेराच्या आसपास. बोटांची वीत करून मनात मोजलं: दोन वितींवर दोन टनांचा ट्रक, ट्रकमध्ये मी, आणि ही सगळी माहिती देणाऱ्या माणसाने स्वतःचाही पट्टा काढलेला. खात्यात असतो तर या पुलाला मी मंजुरी दिली नसती.

तळ्याच्या मध्यावर एक तंबू, आत गॅसची शेगडी. गाइडने गिरमीट काढलं. आपल्या सुताराकडे असतं तेच, फक्त माणसाच्या छातीएवढं उंच आणि बॅटरीवर चालणारं. घर्रर्र करत बर्फात भाकरीएवढी तीन भोकं पाडली. खाली काळं पाणी. बर्फ हलका म्हणून तरंगतो आणि ४ अंशांचं पाणी सगळ्यात जड म्हणून तळाशी बसतं, त्यामुळे मासे खाली सुखाने जगतात, हे मी जावयांना समजावून सांगू लागलो. त्यांना माहीत होतं. आजकाल जावयांना सगळंच माहीत असतं, हा एक वेगळाच जाच आहे.

मग त्याने माझ्या हातात झारा दिला.

होय, झारा. बुंदी पाडायचा असतो तसाच, लांब दांड्याचा. भोकातलं पाणी दर पाच मिनिटांनी गोठायला लागतं, वर बर्फाची साय धरते, ती काढत राहायची. जावयांना गळ, गाइडला गिरमीट आणि मला झारा. जावयांनी लगेच फोटो काढून घरी पाठवला. बायकोचं उत्तर दोन मिनिटांत आलं: "चाळीस वर्षांत घरी कधी धरला नाहीत."

पुढे यथावकाश मलाही गळ मिळाला. गळ कसला, शाळेतल्या छडीएवढी दोन-सव्वादोन फुटी काठी. शेजारी एक गोल यंत्र, त्यावर रंगीत पट्टे. लाल पट्टा दिसला की मासा आला. मासा येतो, आमिषापाशी थांबतो, वर-खाली न्याहाळतो आणि निघून जातो. मुलगी बघायला आलेली मंडळी पोहे खाऊन 'कळवतो' म्हणतात, तसं. असे नऊ येऊन गेले. खाडीवर निदान कोण आपल्याला नाकारतोय हे दिसत तरी नसे. गाइडला विचारलं तर तो शांतपणे म्हणाला, वॉलायचे डोळे अंधाराला सरावलेले असतात, तो संधिप्रकाशात खातो, पहाटे किंवा सूर्य मावळताना. आमची वेळ सकाळी ९ ते दुपारी १. मी जावयांकडे पाहिलं. जावई भोकाकडे पाहू लागले. ही बॅच स्वस्त होती.

साडेदहाच्या सुमाराला तंबूची चेन सर्रकन उघडली आणि तो म्हातारा आत आला. हाक नाही, खाकरणं नाही. हातात प्लॅस्टिकची बादली. ती उलटी केली, तिच्यावर बसला, हात गुडघ्यांवर ठेवले आणि माझ्या भोकात बघू लागला. मला वाटलं गाइडचा कोणी असेल. गाइडला वाटलं आमचा कोणी असेल. वास्तविक तो कुणाचाच नव्हता. पलीकडे त्याचा तंबू होता आणि तिथे बहुधा बोलायला कोणी नव्हतं. पण बोलायला आला म्हणावं, तर बोलतही नव्हता. पाच मिनिटं गेली. माझे आजोबा म्हणायचे, "मासो व्हयो तर गप रव." आजोबा या माणसाच्या पाया पडले असते.

शेवटी मीच म्हटलं, "थंडी खूप आहे."

त्याने विचार केला. "तितकी वाईट नाही."

"मासे लागले का काही?"

"याहून वाईट दिवस पाहिलेत."

आमच्याकडे कोणाला 'काय कसं काय' विचारलं की 'चाललाहा आपला' म्हणतात, त्यातलाच प्रकार. मला जरा घरच्यासारखं वाटू लागलं. तेवढ्यात पायाखालून, अगदी पोटातून, लांबलचक आवाज आला. तोफ डागावी आणि ती विहिरीत घुमावी असा. मी उभा राहिलो. गाइड बसलेलाच. म्हातारा बर्फावर हात ठेवून, गाय व्यायला झाली की गोठ्यातला माणूस सांगतो त्या सुरात म्हणाला, "बर्फ वाढतोय."

"म्हणजे तडा जातोय?"

"तडा जातोय म्हणजेच वाढतोय."

मी बसलो. न बसून जाणार कुठे?

मग त्याने मला विचारलं, कुठले तुम्ही. भारत म्हटलं. मान हलवली. बराच वेळ मनात काहीतरी जुळवत असावा. मग अगदी आस्थेने म्हणाला, "तुमच्याकडे बर्फ किती जाड असतो?"

मला कोकण समजावून सांगायचं होतं. खाडी, भरती-ओहोटी, ट्रॉलर, मालवणचा लिलाव. पण इंग्रजी सुचतं तेवढंच सुचतं. मी म्हटलं, "आमच्याकडे बर्फ कारखान्यात होतो. आधी मासा मरतो, मग बर्फात जातो."

तो विचारात पडला. खरोखर विचारात पडला. टोपी काढली, डोकं खाजवलं, परत घातली. "आणि मग भोक कुठे पाडता?"

"भोक पाडत नाही. बर्फ चुरून माशावर घालतात. टोपलीत."

"टोपलीत." आणखी एक मिनिट. "तसंही चालतं."

त्याने माझ्या देशाला मान्यता दिली होती. आणि नेमका त्याच क्षणी माझा गळ हलला.

मी ओढला. छडी वाकली, निदान मला तरी तसं वाटलं. कालावलची खाडी, आजोबा, तंगूस, सगळं त्या क्षणात होतं. भोकातून पिवळा, अंगावर गडद पट्टे असलेला पर्च वर आला. नारिंगी पर, टवटवीत, सुंदर मासा. लांबी माझ्या मधल्या बोटापेक्षा थोडी जास्त. मी तो उंच धरला. जावयांनी फोन वर केला. आणि म्हाताऱ्याने वाकून बघितलं, आमच्या आमिषाच्या बादलीकडे बघितलं, परत माशाकडे बघितलं, आणि अत्यंत सभ्यपणे विचारलं, "हे आमिष आहे का?"

त्याने चिडवलं असतं तर मी हसलो असतो. तो चिडवत नव्हता, त्याला खरंच जाणून घ्यायचं होतं. त्यावर गाइडने कडी केली. माझ्याकडे वळून गंभीरपणे सांगितलं की पर्च आमिष म्हणून लावता येत नाही, इथल्या नियमांत बसत नाही, दंड होतो. म्हणजे माझ्या आयुष्यातला अमेरिकेतला पहिला मासा आधी आमिष ठरला आणि मग आमिष व्हायलाही नालायक ठरला.

पुढचं सांगत नाही, म्हणजे थोडक्यात सांगतो. बारा वाजता जावयांच्या गळाला वॉलाय लागला. ज्यांना पापलेट आणि हलव्यातला फरक कळत नाही, त्यांच्या गळाला. हातभर लांब, अंगावर सोनेरी झाक, काचेसारखे डोळे. अडीच-तीन किलो सहज. मी मनात तुकड्या पाडायला सुरुवातही केली होती: डोकं कढीला, मधल्या तुकड्या तिरफळं घालून. गाइडने पट्टी लावली आणि मान हलवली. मापात बसत नाही. या तळ्यावर कुठल्या लांबीचा वॉलाय घरी न्यायचा हे सरकार ठरवतं, आणि हा त्याच्याहून मोठा. मोठा! लहान मासा सोडा म्हणतात ते मला कळतं, पण मोठा आहे म्हणून सोडायचा? अंडी घालणारे मोठे मासे राखायचे असतात, तळं जगवायचं असतं, हे सगळं गाइडने सांगितलं आणि ते बरोबरच असणार. आपल्याकडे कोणी असं वेळेवर मोजलं असतं तर खाडीत आज काळुंदर शोधावी लागली नसती. पण जावयांनी त्या माशाबरोबर चार फोटो काढले, मग तो हळूच भोकात सोडला आणि तो शेपूट हलवत गेला, तेव्हा तंबूत दुःख झालेला मी एकटाच होतो. म्हाताऱ्याने टाळ्या वाजवल्या.

मग म्हाताऱ्याने दोन्ही गुडघ्यांवर थाप मारली आणि 'चला' अशा अर्थाचा उद्गार काढला. उठला नाही. दहा मिनिटांनी परत थाप. मग उठला, चेनपाशी उभा राहून रस्त्यांबद्दल बोलला. चेन उघडून, अर्धा बाहेर अर्धा आत, थंडी तंबूत सोडत, आपल्या बहिणीच्या गुडघ्याबद्दल बोलला. पूर्ण गेला तेव्हा शेगडीचा गॅस संपला होता. एवढं मात्र मी मान्य करतो, की आमच्या घरीही पाहुणे 'येतो' म्हटल्यावर पाऊण तास जिन्यात उभे असतात.

पैसे किती झाले ते जावयांनी सांगितलं नाही, पण मी बिल पाहिलं. त्यावर गाइडला वीस टक्के वेगळे. एका पर्चला एवढे पैसे म्हणजे किलोचा भाव काढायची मला हिंमत झाली नाही. मालवणच्या बाजारात त्यात सुरमई आली असती. नुसती सुरमई नाही, होडी भाड्याने घेऊन ती स्वतः जाऊन आणता आली असती. आणि मला एक्सपीरियन्स नको होता हो. मला कोणीतरी विचारायला हवं होतं, बाबा, नातवाला जरा घ्याल का मांडीवर? ते कोणी विचारत नाही, कारण माझ्या मांडीवरून तो घसरेल अशी सगळ्यांची खात्री आहे.

पर्च तळायचा नाही असं ठरलं. तेलाचा धूर झाला की आगीचा भोंगा वाजतो आणि बाळ उठतं. तो फ्रीजरमध्ये आहे, मटारांच्या पाकिटाशेजारी, पिशवीवर जावयांनी नाव घातलंय: 'बाबांचा मासा'. आधी मासा मरतो, मग बर्फात जातो.

त्या रात्री झोप येईना म्हणून लायसन्सचा कागद काढून वाचला. परक्यांसाठी २४ तासांचं असतं ते, सकाळी ९ ला सुरू झालेलं. घड्याळात पावणेबारा.

"दिवा घालवा," बायको म्हणाली. "काय वाचताय?"

"अजून सव्वानऊ तास बाकी आहेत," मी म्हटलं.