मझामेतला कुणी वाली नाही

आज डबा खाताना ऑफिसातल्या एकाने रील दाखवली. जुना फ्रेंच मूकपट, पळवलेला, मागे सर्कशीचा बाजा. वर म्हणतो, "तेव्हाची ॲक्टिंग म्हणजे नुसत्या माकडचेष्टा!" डोकंच फिरलं. अरे बाबा, हाताने फिरवायचा कॅमेरा, सेकंदाला सोळा-अठरा फ्रेम. त्याच तू चोवीसने पळवल्यास तर माणसं तुरुतुरु धावणारच. त्यात नटाचा काय दोष?

मार्सेल लेव्हेक, फ्रेंच मूकपटांतला विनोदी नट. ऐकलंय नाव? नसेलच. पहिलं महायुद्ध चालू असताना, १९१५-१६ मध्ये, दिग्दर्शक लुई फ्योयादने गोमाँ या फ्रेंच कंपनीसाठी 'ले व्हाम्पीर' ही गुन्हेगारांच्या टोळीवरची दहा भागांची चित्रपटमालिका काढली. त्यात हा मझामेत झाला. लांब नाक, मिशा, आणि चोरी पकडली गेली की पोराबाळांची दुहाई देत गयावया. गावी लॅपटॉपवर बघत होतो, आजी शेजारी शेंगा सोलत बसलेली. मझामेतने मध्येच वळून थेट कॅमेऱ्यात बघितलं आणि आजी म्हणाली, "मेला माझ्याकडेच बघतोय की!" फ्रेंच पाट्यांतलं अक्षर तिला कळत नव्हतं. शेंगा तशाच राहिल्या.

माकडचेष्टा म्हणे!

मान्य, त्यातली खलनायिका म्युसिदोरा त्या काळ्या घट्ट पोशाखात आली की पोस्टर तिचंच लागणार. मालिका लांबलचक आहे हेही मान्य. पण ती ओढून नेतो कोण? आजी तर हा दिसेनासा झाला की विचारायची, "तो लबाड कुठे गेला?" पुढे बक्षिसाचे पैसे मिळून तो श्रीमंत झाला तेव्हा घरचं कार्य असल्यासारखी खूश. आणि आमचे सिनेमावाले मित्र? चॅप्लिनच्या पुढे यांची गाडी जात नाही.

असो. चिडून काय होणार.

नंतर फ्योयादच्याच 'ज्युदेक्स' या मालिकेत लेव्हेक कोकांतँ नावाचा गुप्तहेर झाला. हेरगिरीची अक्कल बेताची, पण टेबलावर नेपोलियनचा छोटा पुतळा. निर्णय घ्यायची वेळ आली की आधी पुतळ्याकडे बघणार, मग तसाच रुबाबात उभा राहणार. चेहऱ्यावर मात्र भीती साफ दिसते. आजीने हे बघितलं असतं तर आजोबांचं नाव घेतलं असतं, नक्की. बोलपट आल्यावर दिग्दर्शक रन्वारच्या 'ल क्रीम द मस्यो लांज'मध्ये (१९३६) हाच माणूस चाळीच्या रखवालदाराच्या कामात दिसतो. १९६२ मध्ये गेला.

शनिवारी कुणाला यायचं असेल तर या घरी, 'ज्युदेक्स' लावतो. योग्य वेगात. चहा माझ्याकडून, शेंगा तुम्ही आणा. रीलवाल्यालाही बोलावलंय.