"बेळगावात १९६३ च्या आधी डॉक्टरकी नव्हतीच" म्हणणाऱ्या फॉरवर्डला उत्तर

बेळगाव, खानापूर, निपाणीच्या जवळपास प्रत्येक ग्रुपवर सध्या एक लांबलचक मेसेज फिरतोय. काल आमच्या गल्लीच्या ग्रुपवर तिसऱ्यांदा आला आणि खाली लोकांनी अंगठे दाखवलेले बघून राहवलं नाही. मेसेजचं म्हणणं थोडक्यात असं: १९६३ ला मेडिकल कॉलेज निघालं त्याआधी आपल्या भागात वैद्यकीय शिक्षण नावाची गोष्टच नव्हती, जुने एलसीपीएसवाले (विद्यापीठाची पदवी नाही, पण लायसेन्सची परीक्षा पास झालेले) डॉक्टर म्हणजे नुसते शिकलेले कंपाउंडर, ५६ साली कर्नाटकात गेलो म्हणून तरी कॉलेज मिळालं, डीम्ड (म्हणजे स्वतःची पदवी द्यायचा दर्जा मिळालेल्या) विद्यापीठाच्या पदवीला किंमत नाही, आणि इथं संशोधन शून्य, फक्त फी. मी बेळगावच्या शहापुरात राहतो, माझं मेडिकल आहे, चिठ्ठ्या वाचण्यातच आयुष्य गेलंय, आणि हे असंच खरं म्हणून पोरांच्या डोक्यात बसू नये असं मनापासून वाटतं म्हणून लिहितोय.

पहिलं, "१९६३ च्या आधी काहीच नव्हतं". अहो, शहापुरातच १९३३ साली आयुर्वेदाचं महाविद्यालय निघालं, तेच आज बी. एम. कंकणवाडी आयुर्वेद महाविद्यालय, आता केएलई ह्या शिक्षणसंस्थेकडे आहे. तेव्हा शहापूर बेळगावात पण नव्हतं, सांगली संस्थानात होतं. म्हणजे इंग्रजांच्या बेळगावच्या अगदी शेजारी, संस्थानी हद्दीत, मेसेजवाल्याच्या तारखेच्या ३० वर्षं आधी पोरं वैद्यकी शिकत होती. आयुर्वेद मोजायचा नाही असं म्हणणं असेल तर तसं स्पष्ट लिहा, "काहीच नव्हतं" लिहू नका.

आणि ॲलोपथीच पाहिजे असेल तर मिरज बघा. अथणी, रायबागकडच्या माणसाला आजही मोठं दुखणं आलं की बेळगावच्या आधी मिरज आठवतं, त्याला कारण आहे. विल्यम वानलेस नावाचा कॅनडाचा मिशनरी डॉक्टर १८८९ ला हिंदुस्थानात आला, १८९४ ला मिरजेत हॉस्पिटल उघडलं आणि १८९७ ला तिथंच मेडिकल स्कूल सुरू केलं, कारण पेशंट इतके की एकट्याच्यानं होईना, हाताखाली शिकलेली माणसं पाहिजेत. वानलेसवाडी हे नाव त्यांच्यावरूनच पडलंय. गोव्यात तर पोर्तुगीजांनी १८४२ लाच पणजीला मेडिकल-सर्जिकल स्कूल काढलं होतं, मुंबईच्या ग्रँट मेडिकल कॉलेजच्या तीन वर्षं आधी. सीमाभाग नकाशावर बघा की, एका बाजूला मिरज, दुसरीकडे पणजी, खाली धारवाड-हुबळी. आजच्या जिल्ह्याच्या रेषेत डोकं अडकवून ठेवलं तरच "इथं काही नव्हतं" असं म्हणता येतं. पेशंट आणि शिकणारी पोरं रेल्वेनं जायची यायची, त्यांना ही रेषा माहीतच नव्हती.

टिळकवाडीत ज्याला आपण सगळे व्हॅक्सिन डेपो म्हणतो, जिथं सकाळी लोक फिरायला जातात, तिथं विसाव्या शतकाच्या सुरुवातीपासून देवीची लस बनत होती. वासराच्या अंगावरचे केस काढायचे, कातडीला बारीक चरे पाडून लस टोचायची, काही दिवसांनी फोड आले की ते खरवडून ग्लिसरीनमध्ये घोटायचे आणि मग बाहेर पाठवायचं. हे काम करायला शिकलेली माणसं लागतात, स्वच्छता कळणारी माणसं लागतात, ती कुणीतरी इथंच तयार केली ना? कॉलेजचा बोर्ड नसला म्हणून ते शिक्षण नव्हतं असं कसं म्हणायचं.

आता दुसरा मुद्दा, आणि ह्यानंच मला जास्त राग आलाय. "एलसीपीएस म्हणजे कंपाउंडर". ज्यांनी हे लिहिलं त्यांच्या आज्याचा ताप बहुतेक अशाच एखाद्या डॉक्टरनं उतरवला असेल. मुंबईचं कॉलेज ऑफ फिजिशियन्स अँड सर्जन्स १९१२ ला निघालं, लायसेन्शिएट ही त्याची परीक्षा, तीच एलसीपीएस. मॅट्रिकनंतर मेडिकल स्कूलमध्ये चार वर्षं शिकायचं, शरीररचना, औषधशास्त्र, बाळंतपण, ऑपरेशन सगळं, आणि परीक्षा पास झाल्यावर मेडिकल कौन्सिलच्या रजिस्टरात नाव. त्याच १९१२ च्या बॉम्बे मेडिकल ॲक्टनं हे रजिस्टर सुरू झालं होतं. कंपाउंडरला हे काहीही नव्हतं, तो डॉक्टरच्या हाताखाली मिक्श्चर बनवायचा, ते पण कष्टाचं आणि जबाबदारीचं काम, पण ते वेगळं.

देशाची आरोग्यसेवा तपासायला नेमलेल्या सर जोसेफ भोर यांच्या कमिटीचा रिपोर्ट १९४६ ला आला, त्यातला आकडा बघा: सगळ्या हिंदुस्थानात रजिस्टर झालेले डॉक्टर सुमारे ४७,५००, त्यातले पदवीधर साडेसतरा हजारांच्या आसपास आणि लायसेन्शिएट जवळजवळ ३०,०००. म्हणजे दहातले सहा डॉक्टर हे मेसेजवाल्याच्या भाषेत "कंपाउंडर". ह्या लोकांना वगळलं तर त्या काळात देशाची डॉक्टरकी कोण चालवत होतं ते सांगा. भोर कमिटीनंच पुढं शिफारस केली की दोन दर्जे नकोत, सगळ्यांना विद्यापीठाची एकच पदवी असू दे, म्हणून मेडिकल स्कूलं हळूहळू बंद झाली किंवा कॉलेजं झाली. पुण्याच्या बी. जे. मेडिकल स्कूलचं १९४६ लाच कॉलेज झालं. ह्यावर तेव्हाही वाद होता बरं का, कमिटीतल्याच काही जणांचं म्हणणं होतं की एवढ्यात लायसेन्शिएट बंद केले तर खेड्यात जाणार कोण. मला विचाराल तर त्यांचं चुकलं नव्हतं, कारण खेड्यात डॉक्टर नाही ही ओरड आजही आपण ऐकतोच.

तिसरं, "कर्नाटकात गेलो म्हणून कॉलेज मिळालं". सीमाप्रश्नावर ज्याचं त्याचं मत असू दे, माझं पण आहे, पण इथं तारखा लावून बघू. हुबळीचं कॉलेज १९५७. मिरजेचं सरकारी मेडिकल कॉलेज १९६२. बेळगावचं जवाहरलाल नेहरू मेडिकल कॉलेज १९६३. सोलापूरचं १९६३. पणजीच्या जुन्या स्कूलचं गोवा मेडिकल कॉलेज झालं ते पण १९६३. सात वर्षांत सीमेच्या दोन्ही बाजूला पाच कॉलेजं! हे कुठल्या राज्यानं आपल्यावर केलेले उपकार नव्हेत, स्वातंत्र्यानंतर देशभरच डॉक्टर वाढवायचं ठरलं होतं. आणि बेळगावचं कॉलेज सरकारनं काढलंच नाही, केएलई सोसायटीनं काढलं, जी १९१६ ला सात जणांनी एका शाळेपासून सुरू केली होती. ज्याची पदवी ह्या कॉलेजला आधी मिळायची त्या धारवाडच्या कर्नाटक विद्यापीठाचं पण तसंच, त्याचा कायदा १९४९ चा, मुंबई राज्यात झालेला. ५६ च्या आधीच.

मात्र एक गोष्ट कुणी सांगत नाही. हे कॉलेज खासगी असलं तरी सुरुवातीची कितीतरी वर्षं इथली पोरं पेशंट तपासायला शिकली ती सरकारी सिव्हिल हॉस्पिटलात. म्हणजे हलगा, काकती, येळ्ळूरहून आलेल्या गरीब बायामाणसांच्या खाटेशी उभं राहून. केएलईचं स्वतःचं मोठं हॉस्पिटल नव्वदच्या दशकात उभं राहिलं. ह्या शहराच्या डॉक्टरकीच्या इतिहासात त्या सिव्हिलच्या पेशंटांचं नाव सगळ्यात आधी यायला पाहिजे असं मला वाटतं, आणि मेसेजमध्ये त्यांच्यावर एक ओळ नाही.

चौथा मुद्दा पदवीचा, तो लगेच संपतो. बेळगावच्या त्याच नेहरू मेडिकल कॉलेजातून ८५ ला पास झालेल्याच्या सनदेवर धारवाडच्या कर्नाटक विद्यापीठाचं नाव, २००५ च्या सुमाराला पास झालेल्याच्या सनदेवर राजीव गांधी आरोग्य विज्ञान विद्यापीठाचं, कारण ते १९९६ ला बेंगळुरात निघालं आणि राज्यातली मेडिकल कॉलेजं त्याच्याखाली गेली, आणि २००६ ला यूजीसी कायद्याच्या कलम ३ खाली केएलईला डीम्ड विद्यापीठाचा दर्जा मिळाल्यावर जे आत आले त्यांच्या सनदेवर केएलईचं. एमबीबीएस तेच. प्रवेशाला नीट सगळ्यांना, आणि प्रॅक्टिस करायची तर कौन्सिलचं रजिस्ट्रेशन सगळ्यांना. शंका असेल तर डॉक्टरचा रजिस्ट्रेशन नंबर विचारा, तो विचारायचा तुम्हाला हक्क आहे. सरकारी पाहिजे असेल तर सिव्हिललाच जोडलेलं बिम्स हे सरकारी मेडिकल कॉलेज आहे, ते राजीव गांधी विद्यापीठाखालीच आहे.

आता संशोधन शून्य म्हणे. बाळंतपणात रक्त जाऊन बाई दगावते हे आपल्याकडं घरोघरी ऐकलेलं दुःख. ते थांबवायचं इंजेक्शन होतं, पण ते थंडीत ठेवावं लागतं आणि टोचणारं माणूस लागतं, खेड्यात दोन्ही नाही. तर २००२ ते २००५ मध्ये आपल्याच बेळगाव जिल्ह्याच्या खेड्यांत नेहरू मेडिकल कॉलेजच्या लोकांनी अमेरिकेतल्या डॉक्टरांबरोबर एक ट्रायल केली. १,६२० बायका. खेड्यात बाळंतपण करणाऱ्या एएनएम (सरकारी आरोग्यसेविका) सिस्टरनी निम्म्या जणींना मिसोप्रोस्टॉलच्या गोळ्या दिल्या, निम्म्यांना तशाच दिसणाऱ्या बिनऔषधाच्या. जास्त रक्त जाण्याचं प्रमाण १२ टक्क्यांवरून ६.४ वर आलं, आणि फारच जास्त रक्त जाण्याचं १.२ वरून ०.२ वर. २००६ ला लॅन्सेट ह्या जगप्रसिद्ध वैद्यकीय मासिकात हे छापून आलं, आणि २०११ ला जागतिक आरोग्य संघटनेनं ह्या कामासाठी ती गोळी आपल्या आवश्यक औषधांच्या यादीत घेतली. फ्रीज नको, सुई नको, तोंडावाटे गोळी. हे सिद्ध करायला आपल्या खेड्यातल्या बाया आणि त्यांच्या सिस्टर उभ्या राहिल्या. शून्य कशाला म्हणताय?

फी जास्त आहे हे मात्र खरंय, त्यावर मी वाद घालणार नाही, शेतकऱ्याच्या पोराला ती झेपत नाही आणि त्यावर बोललंच पाहिजे. पण फीवर बोलायला इतिहास पुसायची गरज नाही.

तर हा मेसेज तुमच्या ग्रुपवर आला की खाली हे टाका. आणि कडोली, संकेश्वर, अथणी, कुठंही, कुणाच्या घरात आज्याची किंवा पणज्याची एलसीपीएसची सनद असेल, किंवा आजीचं मिरजेचं नर्सिंगचं सर्टिफिकेट, तर चांगल्या उजेडात फोटो काढा, मागची बाजू पण काढा कारण सह्या नि शिक्के तिथं असतात, आणि ग्रुपवर टाकताना गावाचं नाव लिहायला विसरू नका.