कोपऱ्यात नाव टाकलं म्हणजे फोटो राखला गेला?

“फोटोवर वॉटरमार्क टाका, तोही मूळ फाइलवरच, हक्क पक्का होतो, चोरी थांबते. नाव नसलेला फोटो कोणीही वापरू शकतो.” हा सल्ला सध्या फार फिरतोय. (वॉटरमार्क म्हणजे फोटोवर उमटवलेलं नाव किंवा खूण.) नव्याने फोटो काढू लागलेली मंडळी तो खरा मानतात, म्हणून लिहिते आहे.

नाव नसलेला फोटो कोणाचाही, हे साफ खोटं. बर्न करार, म्हणजे कॉपीराइटचा आंतरराष्ट्रीय करार, १८८६चा. १९०८च्या दुरुस्तीपासून त्यात हक्कासाठी नोंदणीची किंवा खुणेची अट नाही. फोटो काढला त्या क्षणीच हक्क लागू होतो. “नाव दिसलं नाही म्हणून वापरला” ही सबब ऐकून घेऊ नका.

चोरी थांबते? कोपऱ्यातलं नाव क्रॉप करायला दोन सेकंद पुरतात. मग मधोमध टाकावं, तर वॉटरमार्क बहुधा अर्धपारदर्शक असतो, खालचं चित्र त्यातून डोकावतंच. २०१७ साली गूगलच्या संशोधकांनी दाखवून दिलं, की शेकडो फोटोंवर एकच खूण असली की संगणक तेवढा सामाईक भाग हेरतो, वेगळा काढतो आणि खालचा फोटो जवळपास जसाच्या तसा परत मिळवतो. खुणेची जागा बदलूनही फारसं अडत नाही. दर फोटोला खुणेचा आकार किंचित वाकवला, तर मात्र पुसल्यावर कडांचे व्रण राहतात. खरी कामाची गोष्ट ही, आणि तीच कोणी सांगत नाही. (आता तर एकाच फोटोवरचं नावही एआय पुसतं आणि रिकामी जागा भरून काढतं.)

आणि मूळ फाइलवर? कृपा करून टाकू नका. पाण्यावर उतरणाऱ्या बगळ्याचा माझा एक फोटो आहे, पंखावरून माझंच नाव गेलेलं. मोठी प्रिंट काढायची वेळ आली तेव्हा नावाशिवायची प्रतच उरली नव्हती. झूम केलं तर अक्षरांभोवती राखाडी ठिपके. जेपेग, म्हणजे फोटो साठवायचा नेहमीचा फाइल-प्रकार, चित्राला ८ × ८ पिक्सेलच्या चौकटींत दाबतं. अक्षरांच्या धारदार कडा त्यात विस्कटतात, पुन्हा सेव्ह केलं की आणखी. मजकूर वेगळ्या लेयरवर (फोटोच्या वरच्या वेगळ्या थरावर) घ्या, प्रतही वेगळी सेव्ह करा.

वॉटरमार्कचा उपयोग आहेच: फोटो आवडलेल्या भल्या माणसाला तुम्ही सापडता. त्यासाठी नाव सहज वाचता यावं, चेहऱ्यावर मात्र येऊ नये. मेटाडेटातही (फाइलच्या आत साठवलेल्या माहितीतही) नाव भरा; अपलोड करताना अनेक ॲप्स तो काढून टाकतात, तरी भरा. वाद झालाच तर कामी येते ती कॅमेऱ्यातली रॉ फाइल, म्हणजे कॅमेऱ्याने टिपलेली कच्ची मूळ फाइल. ती कोणालाही पाठवू नका.